टकलीवरची लाल गोधडी

शॅग कोव्ह या मासेमारीच्या गावचं पोस्ट मी तेवीस वर्षं सांभाळलं, त्यामुळे या गावातलं मला ठाऊक नाही असं फारसं काही उरलेलं नाही. दूर पश्चिमेला अल्बर्टात कामाला गेलेल्या कुणाच्या मुलाने तीन महिने पत्र टाकलं नाही, कुणी कॅटलॉगमधून तेच बूट तिसऱ्यांदा मागवले, सगळं माझ्या खिडकीतून गेलंय. ते सगळं मी पोटात ठेवते, असं माझं म्हणणं आहे. माझा नवरा गार्ल यावर काय म्हणतो ते इथे लिहायची गरज नाही. पण पोटात ठेवणं म्हणजे खरोखर काय असतं ते मला फीनी मावशीने दाखवलं, आणि मी लिहायला बसले आहे ती तिच्याबद्दल.

कागदावर तिचं नाव ट्रायफीना क्लुएट. माझं तिचं काही नातं नाही. आमच्याकडे साठी ओलांडली की बाई मावशी होते आणि बाप्या काका, नातं असो नसो. उंचीला माझ्या खांद्याइतकी, पायांत मेलेल्या नवऱ्याचे गमबूट, आणि नखांच्या कडांना बारा महिने लाल रंग. तो रंग दिव्याचा.

गावासमोर तीन मैलांवर, भर समुद्रात, एक उघडाबोडका खडक आहे. त्याला आम्ही टकली म्हणतो. टकलीवर लोखंडी दीपगृह आहे, लाल-पांढऱ्या आडव्या पट्ट्यांचं. माझ्या पणजोबांच्या तरुणपणी जहाजातून त्याचे तुकडे आले आणि गावच्या माणसांनी एकेक बोल्ट पिळून ते उभं केलं. फीनी मावशीचे वडील इलियाझर वॅलिस त्या दिव्याचे राखणदार. ती तीन आठवड्यांची असताना तिला मासळीच्या खोक्यात उशी घालून टकलीवर नेलं, आणि एकविसाव्या वर्षी लग्नाला उभी राहीपर्यंत ती तिथेच वाढली. हिवाळ्यात शाळेपुरती गावात काकांकडे यायची, तेवढंच.

टकलीवर मूठभर माती नव्हती. तिच्या आईने किनाऱ्यावरून पिंपांनी माती नेली, दगडांच्या आडोशाला बटाट्याच्या अकरा सऱ्या काढल्या, आणि दर वादळानंतर त्यातली निम्मी माती समुद्राने नेली की पुन्हा पिंपं भरली. बाप आणि मुलगी सकाळी दिव्याचं भिंग पुसायची, दर चार तासांनी किल्ली फिरवून दिवा फिरता ठेवणारं वजन वर चढवायची, धुकं आलं की भोंग्याशी बसायची. आणि दर जूनमध्ये रंग. दोराला टांगलेल्या फळीवर बसून फीनी रंगवायची. समुद्राच्या बाजूचा खालून चौथा पट्टा नेहमी तिचा, त्याला दुसऱ्या कुणी ब्रश लावलेला तिला आजही खपत नाही.

एकोणसत्तर साली दिव्यात यंत्र बसलं, राखणदार खाली उतरला. (दीपगृहवाले उठल्यापासून गावात भांडणं वाढली असं जुने लोक म्हणत. का, ते कुणी विचारलं नाही.) यंत्र दिवा लावतं, पण रंग लावत नाही. दोन वर्षांत पट्टे इतके विटले की ढगाळ दिवशी दीपगृह दिसेना. तेव्हा फीनी मावशी नवऱ्याला, चेसला, घेऊन ब्रश आणि डबे होडीत घालून निघाली. तेव्हापासून ती दर जूनला जाते. चेस गेल्यावर जो हाताला लागेल त्याला पकडून नेते. मी चौदा वेळा गेले आहे आणि चौदाही वेळा ओकले आहे. सरकारने मासेमारी बंद केली त्या वर्षी होड्यांसाठी आणलेला लाल रंग गावात घरोघरी पडून होता, तो तिने दार न ठोठावता आत शिरून उचलून नेला. आमच्याकडे दार ठोठावतो तो एकतर पोलीस असतो नाहीतर पाद्री, त्यामुळे त्यावर कुणी हरकत घेतली नाही.

आता खुणांचं सांगते, कारण सगळं घोडं तिथे अडलं होतं.

समुद्रावर पाटी लावता येत नाही. मासा कुठे आहे ते लक्षात ठेवायचं तर किनाऱ्यावरच्या दोन वस्तू एकामागे एक धरायच्या आणि बाजूला आणखी दोन. दोन्ही जोड्या जुळल्या की तुम्ही जागेवर पोचलात. या खुणा बापाकडून मुलाकडे जातात. मुलीला सांगत नाहीत, कारण ती लग्न होऊन दुसऱ्या घरी जाते. बायकोला सांगत नाहीत, कारण तिला भाऊ असतात. मी फजांची मुलगी आणि कीपिंगांची सून, म्हणजे मला दोन घरांच्या खुणा ठाऊक असायला हव्यात. मला एकही ठाऊक नव्हती. एकतीस वर्षांच्या संसारात गार्लने मला गुडघेदुखी सांगितली, आधीच्या मैत्रिणीचं नाव सांगितलं, पण कीपिंगांची जागा, जिला ते 'आजोबाची उशी' म्हणतात, ती कुठे आहे ते सांगितलं नाही. माझा भाऊ एबेल 'वाटी'वर जातो. स्नूकांचं 'कोठार' आहे. आता उन्हाळ्यातल्या ठरलेल्या दिवशी माणशी पाचच मासे धरायला परवानगी आहे, पण त्या पाच माशांसाठीसुद्धा ही माणसं उलट दिशेला निघून, बेटाला वळसा घालून, मागे कुणी येत नाही ना ते बघत जातात. दुसरी होडी दिसली की गळ वर ओढून, आपण सहज फिरायला आलोय असा चेहरा करून बसतात.

प्रत्येक होडीत आता जागा दाखवणारं यंत्र आहे. गार्लच्या यंत्रात धक्का आहे, पेट्रोल पंप आहे, त्याच्या बहिणीचं घर आहे. उशी नाही.

"का रे घालत नाहीस?" मी एकदा विचारलं.

"यंत्रात घातलं की उद्या कुणीही बटण दाबून बघेल."

"कोण बघणार आहे?"

"तू," तो म्हणाला.

खुणांइतकंच आमचे लोक मानतात ते गोधडीला. टकलीवर राखणदार होते तेव्हा दिव्याभोवतीच्या सज्जावर कधीकधी एक लाल गोधडी वाळत घातलेली दिसायची, फीनी मावशीच्या आईने फ्लॅनेलच्या तुकड्यांची शिवलेली. ती दिसली की त्या दिवशी मासा लागत नाही, अशी पक्की समजूत. गोधडी बघून लोक होडी वळवायचे. आजही कुणाचं काम फिसकटलं की आम्ही म्हणतो, "गोधडी टांगलीय आज." लू काका स्नूक, आमच्यातला सर्वांत म्हातारा तांडेल, पंचावन्न सालचा उन्हाळा अजून विसरलेला नाही. "त्या वर्षी गोधडी उतरलीच नाही," असं तो दर नाताळात डोळे मोठे करून सांगतो. "जून ते सप्टेंबर! गावात फक्त चेस क्लुएटला मासा मिळाला. त्याचं नशीबच घोड्यावर बसलं होतं. घर बांधलंन, लग्न केलंन!"

तर दोन हजार अकराच्या मे महिन्यात लांब पाकीट आलं. फीनी मावशीच्या नावाचं, सरकारी. मी ते तिच्या स्वयंपाकघरात स्वतः नेऊन दिलं आणि चहा होईपर्यंत हललेच नाही. तिने चष्मा लावून ते दोनदा वाचलं आणि माझ्याकडे सरकवलं. मनोरा गंजतो आहे, जहाजांना आता त्याची गरज नाही, पुढच्या उन्हाळ्यात तो उतरवून जागी खांबावर छोटा दिवा बसवायचा विचार आहे. मात्र आज हा मनोरा नेमकं कोण आणि कशासाठी वापरतं ते गावाने दाखवून दिलं, तर फेरविचार होईल. सप्टेंबरात अधिकारी गावात येऊन ऐकून घेतील.

"वापरतात तर सगळेच," मी म्हणाले.

"हो," फीनी मावशी म्हणाली. तिने पावाच्या तुकड्यावर काकवी ओतली, आणि ओततच राहिली. बशी भरून काकवी टेबलावर आली तरी तिचं लक्ष नव्हतं. मी तिला तसं कधी पाहिलं नव्हतं.

तिने घरोघरी जाऊन पत्रं लिहायला सांगितलं. पत्रं आली, माझ्याच खिडकीतून गेली. दीपगृह सुंदर आहे. दीपगृह आमच्या आजोबांनी बांधलं. दीपगृहाशिवाय गाव ओकंबोकं वाटेल. सेंट जॉन्सच्या सरकारी कचेरीतून उत्तर आलं, अगदी सभ्य: भावना पोचल्या, पण वापर कोणता ते कळलं नाही.

मी गार्लला धरलं. "तू दिवा बघूनच जागा धरतोस ना? मग तसं लिही."

"लिहितो की. 'मासेमारीला उपयोग होतो.'"

"कुठे, कसा?"

"ते कसं सांगणार? वेडी आहेस का तू?"

एबेल तेच म्हणाला. लू काका तर म्हणाला की त्यापेक्षा तो स्वतःच्या पाठीवर उभं धरून ठेवील दीपगृह. पट्टे बघून जागा धरणारी सगळी माणसं, आणि पट्टे वाचवायला एकाचंही तोंड उघडेना. मला इतका संताप आला की दोन दिवस मी गार्लला नुसता पाव आणि चहा दिला. त्याने तोही मुकाट्याने खाल्ला, त्यामुळे मला आणखीच राग आला.

शेवटी मी फीनी मावशीकडे गेले. "तू एकवीस वर्षं त्या सज्जावर काढलीस. कोण कुठे होडी उभी करतो ते सगळं तू वरून पाहिलंयस. तूच सांग त्या अधिकाऱ्यांना. एका झटक्यात काम होईल."

ती बटाटे सोलत होती. सोलता सोलता म्हणाली, "नऊ वर्षांची असताना सांगितलं होतं एकदा."

"कुणाला?"

"लूला. अकराचा होता, बापाबरोबर टकलीवर आला होता. साखरेची कांडी दिलीन आणि विचारलंन, कीपिंगांची होडी दिवसभर कुठे असते गं? मी बोट दाखवलं." तिने बटाटा पाण्यात टाकला. "दुसऱ्या दिवशी त्याचा बाप तिथे गेला. तुझ्या नवऱ्याचे आजोबा होतेच. मी वरून बघत होते, बर्नी. दोघांनी वल्ही उचलली."

ती मारामारी गावात सर्वांना ठाऊक आहे. गार्लच्या आजोबांचं खांद्याचं हाड मोडलं. 'स्नूक आमच्या उशीवर चोरून आले' असं कीपिंग म्हणतात, 'कीपिंग आमच्या कोठारात शिरले' असं स्नूक म्हणतात, आणि सदुसष्ट वर्षं ही दोन घरं चर्चमध्ये वेगवेगळ्या बाजूला बसतात. ती मारामारी एका साखरेच्या कांडीमुळे झाली हे मात्र मला पहिल्यांदाच कळत होतं.

"बाबांनी मला होडीत घातलं, तीन मैल वल्हवत आणलं, दोन्ही घरी माफी मागायला लावली. परत जाताना ओरडले नाहीत. एवढंच म्हणाले, आपल्याला तिथे दिवा लावायला ठेवलंय, चहाड्या करायला नाही. वरून दिसतं ते वरच ठेवायचं. मी शब्द दिला."

"अगं पण दीपगृहच पाडलं तर वर काय आणि खाली काय!"

"शब्द दीपगृहाला नाही दिला, बाबांना दिला," ती म्हणाली, आणि मग एकदम तिचे डोळे भरून आले. तिने हाताने पुसले, तर गालावर बटाट्याची माती लागली. "मला ते पडलेलं बघवणार नाही गं. पण हे मी नाही करू शकत."

मी बटाटे सोलायला घेतले.

सप्टेंबरातल्या दुसऱ्या शनिवारी दुपारी गावचा हॉल भरला. अधिकारी म्हणजे एक उंच बाई निघाली, श्रीमती ओक्ली, हातात नकाशाची गुंडाळी. तिने नकाशा भिंतीला टाचला आणि पहिल्यांदा वाटाण्याचं सूप घेतलं, दुसऱ्यांदाही घेतलं, त्यामुळे लोकांचं मत तिच्याबद्दल चांगलं झालं. मग तिने विचारलं, "मनोरा कोण वापरतं?"

लू काका उठला. टाय लावून आला होता. दीपगृह म्हणजे आमचा आत्मा वगैरे पाच मिनिटं बोलला.

"आणि वापर, मिस्टर स्नूक?"

"भरपूर," लू काका म्हणाला आणि बसला.

एबेल म्हणाला, "फार उपयोगी आहे." गार्ल म्हणाला, "त्याच्याशिवाय चालायचं नाही." बाई पेन्सिल हातात धरून थांबली होती. तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं की तिला मदत करायची आहे आणि लिहायला काहीच मिळत नाहीये. "आणखी कुणाला काही सांगायचंय?" तिने विचारलं. खुर्च्या करकरल्या, कुणीतरी खोकलं. तिने वही मिटली.

तेव्हा फीनी मावशी उठली. गमबूट घालूनच आली होती. थेट नकाशापाशी गेली.

"लोकांचं मी काही सांगणार नाही," ती म्हणाली. "माझं सांगते. खुणा मुलाला द्यायच्या असतात. आम्हाला मूल झालं नाही. चेसने लग्नाच्या दिवशी क्लुएटांची खूण मला दिली. म्हणाला, मला दुसरं काय आहे द्यायला. ती माझी आहे, तिचं काय करायचं ते मी ठरवणार."

चारचौघांत खूण सांगणं! लू काकाने तर टोपी डोळ्यांवर ओढली, जणू एखादी बाई कपडे उतरवायला लागली आहे.

"दिव्याच्या बरोबर मागे चर्चचं टोक धरायचं," फीनी मावशीने बोट फिरवलं आणि बाईने तिथे रेघ ओढली. "मग गल हेडच्या डोंगराच्या सोंडेआडून बेट उघडं पडेपर्यंत बाहेर यायचं. इथे. क्लुएट याला 'नवरीची पेटी' म्हणतात."

बाईने फुली मारली. लू काकाची टोपी वर गेली. तो नकाशाकडे बघत राहिला आणि त्याचा चेहरा दिव्याच्या चौथ्या पट्ट्यासारखा लालभडक झाला.

"कसली पेटी?" तो ओरडला. "ते आमचं कोठार आहे!"

"कोठार?" गार्ल खुर्चीवरून उडालाच. "ती आमची उशी आहे! पणजोबांपासूनची! दिव्याच्या मागे पांढरा खडक!"

"खडक कसला, दिव्याच्या मागे डोंगरातली खिंड!"

"अरे थांबा," माझा भाऊ एबेल उठला, त्याच्या हातातली बशी तिरकी झाली होती. "दिव्याच्या मागे आमच्या जुन्या घराचं धुराडं. ती आमची वाटी!"

तिघं एकदम बोलायला लागले. खिंड, खडक, धुराडं. बाई बिचारी भराभर रेघा ओढत होती, प्रत्येकाचं नाव रेघेशी लिहीत होती. मग ती थांबली. "एक मिनिट," ती म्हणाली. "जरा इकडे बघता का सगळे?"

चर्च, त्याच्याखाली किनाऱ्यावरचा पांढरा खडक, जरा वर फजांचं धुराडं, सगळ्यांच्या मागे डोंगरातली खिंड. सगळं एका ओळीत. पेन्सिल एकाच रेघेवरून चार वेळा गेली होती आणि कागद फाटायला आला होता. रेघ दिव्याच्या पोटातून जात होती आणि फुली एकच होती.

"म्हणजे या चार जागा नाहीत," बाई म्हणाली.

गार्ल हळूच म्हणाला, "म्हणजे तुमचे म्हातारे आमच्या मागावर नव्हते आले."

"नाही," लू काका म्हणाला. "ते त्यांच्या कोठारावर होते." त्याने टायची गाठ सैल केली. "आणि तुमचे आजोबा त्यांच्या उशीवर." तो उठून गार्लपाशी आला आणि त्याने त्याच्या खांद्यावर हात ठेवला, आजोबांचा मोडला होता त्याच बाजूच्या. "मोडायला नको होता रे."

आणि मग एबेलला हसू फुटलं. तो हसायला लागला की आमच्या घरात सगळ्यांना लागण होते, मी हसले, गार्ल हसला, लू काका डोळे पुसत हसला. शंभर वर्षं चार घरं एकाच उंचवट्यावर, एकमेकांपासून लपून, वळसे घालून, गळ टाकत होती! श्रीमती ओक्लीने वही पुन्हा उघडली होती आणि आता तिला लिहायला जागा पुरत नव्हती. फीनी मावशी खुर्चीत बसून केकचा तिसरा तुकडा खात होती.

"तुला ठाऊक होतं," मी तिच्या कानात म्हणाले. "पहिल्यापासून."

"मी माझी खूण सांगितली," ती म्हणाली. "दुसऱ्याचं एक अक्षर बोलले का?"

फेब्रुवारीत पाकीट आलं. मी बर्फातून धावत गेले, दोनदा पडले. तिने आधी मला कोरडे मोजे दिले, मग पाकीट फोडलं. मनोरा राहणार. दुरुस्तीला लोखंड आणि माणसं ते देणार, रंग आणि देखभाल गावाने करायची. फीनी मावशीने कागद घडी करून चहाच्या डब्याखाली ठेवला. मग मला घट्ट मिठी मारली, आणि मी सांगते, त्या एवढ्याशा बाईच्या हातात अजून वजन चढवायची ताकद आहे.

जूनमध्ये रंगाला एकेचाळीस माणसं आली, आणि ब्रश होते सतरा. सतराव्या ब्रशवरून स्नूक आणि कीपिंग पुन्हा भांडले, पण ते वेगळं.

आणि जुलैत, मासे धरायच्या पहिल्या शनिवारी, चारही होड्या धक्क्यावरून एकदम निघाल्या. सरळ रेषेत, कुठेही वळसा न घालता. आम्हाला इतकं विचित्र वाटत होतं की गार्ल सवयीने सारखा मागे वळून बघत होता. दिव्याच्या मागे चर्च गेलं, बेट उघडं पडलं, चारही इंजिनं बंद झाली आणि होड्या एकमेकींना बांधल्या. एकतीस वर्षांनी मी नवऱ्याच्या उशीवर आले होते. तिथे पाणीच होतं, पण मला फार आनंद झाला.

फीनी मावशी आणि मी चेसच्या होडीत होतो. ती गार्ल चालवत होता, आमची त्याच्या पुतण्याकडे होती. "ही जागा मी खालून पहिल्यांदाच बघतेय," ती म्हणाली. तिने मागे वळून दिव्याकडे पाहिलं, ताजे पट्टे उन्हात नुसते झळकत होते. मग तिने पिशवी उघडली आणि खाण्यासाठी पसरायला म्हणून एक जुनी, विटलेली लाल गोधडी बाहेर काढली.

"अगं ए!" लू काका शेजारच्या होडीतून किंचाळला. "ती आत ठेव आधी! मासा पळेल!"

"मासा कधीच पळाला नव्हता, लू," फीनी मावशीने गोधडी पसरून तिच्या चुण्या काढल्या. "त्या मारामारीनंतर आईने ती शिवली. इथे कुणाची होडी असली की बाबा मला म्हणायचे, जा, गावाच्या बाजूला टांग. ती बघून तुम्ही परत फिरायचात. पुन्हा कुणी कुणाला भेटलं नाही, पुन्हा कुणाचं हाड मोडलं नाही. आता चौघं इथे एकत्र बसलाय, म्हणून सांगायला हरकत नाही."

लू काकाच्या हातातला गळ तसाच राहिला. तो बोटांवर वर्षं मोजायला लागला. मनात काहीतरी जुळवत होता, ते त्याच्या भुवयांवरून कळत होतं.

"थांब," तो म्हणाला. "मग पंचावन्न सालचं काय? तो उन्हाळाभर उतरलीच नव्हती! तेव्हा इथे कोण होतं उन्हाळाभर?"

फीनी मावशी पाव कापत होती. सत्त्याहत्तर वर्षांची बाई, पण कानांपर्यंत लाल झाली.

"चेस असायचा," ती म्हणाली. "आणि नसला, तरी येईल म्हणून मी टांगून ठेवायची."